पडद्यावरचा उरतो, रंगमंचावरचा?

‘सिंहासन’ आता फोनवर सहज सापडतो. 1979 चा, जब्बार पटेलांचा सिनेमा. त्यात मुख्यमंत्र्यांना एक निनावी फोन येतो: तुमच्याविरुद्ध कट शिजतोय. मुख्यमंत्री जिवाजीराव फक्त ऐकत असतात. ना टेबलावर मूठ, ना चढलेला आवाज. समोर डॉ. लागू, निळू फुले अशी तगडी मंडळी असलेल्या सिनेमात हा माणूस ऐकून भाव खातो. तो आमच्या कोल्हापूरचा, अरुण सरनाईक.

याच माणसाला ‘एक गाव बारा भानगडी’मध्ये बघा. 1968 चा अनंत माने यांचा सिनेमा. तिथला रुबाब वेगळा, मातीतला. पदार्पणही मानेंच्याच ‘शाहीर परशुराम’मधून, 1961 साली. तमाशापटाच्या त्या लाटेत मोठं झालेल्या नटाने पुढे एवढं कमी करायचं ठरवावं, याचं मला नवल वाटतं.

माझा एक अंदाज आहे. सरनाईकांचं घर गाण्याचं. वडील शंकरराव सरनाईक संगीत रंगभूमीवरचे नावाजलेले गायक-नट, काका निवृत्तीबुवा सरनाईक जयपूर-अत्रौली घराण्याचे मोठे गवई. अरुण स्वतः तबला वाजवायचे. संगतीला बसणाऱ्याला एक गोष्ट पक्की कळते, समोरचा रंगात आला की आपण कधी हात आखडायचा ते. ‘सिंहासन’मध्ये मला तो आखडलेला हात दिसतो. गळाही होताच. ‘घरकुल’मधलं ‘पप्पा सांगा कुणाचे’ आपण सगळ्यांनी लहानपणी ऐकलंय. प्रमिला दातार यांच्यासोबतचा तो पुरुषी आवाज त्यांचाच.

21 जून 1984 ला रस्ता अपघातात सरनाईक गेले. पत्नी आणि मुलगाही त्याच अपघातात गेले. वय 48. हे माहीत झाल्यापासून ते गाणं मला पूर्ण ऐकवत नाही.

पण सिनेमे आहेत, गाणं आहे. गेलं ते नाटक. ‘अपराध मीच केला’मधला त्यांचा कमांडर अशोक वर्मा जुन्या प्रेक्षकांच्या बोलण्यात अजून येतो. मी रेकॉर्डिंग खूप शोधलं, हाती काही लागलं नाही. माझ्याकडे त्याचा एकच पुरावा आहे, माझी आजी. तिला संवाद आठवत नाहीत. ती म्हणते, “त्यो नुसता हुबा ऱ्हायचा बघ. आन् सगळं थेटर गप्प.” मग थोडं थांबून, “तुला न्हाई कळायचं.”

बरोबर आहे तिचं. मी हौशी नाटकं करतो. 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री आमचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं, तेव्हा अर्धं कोल्हापूर रस्त्यावर रडत होतं. भिंती परत उभ्या करता येतात, त्यासाठी निधी मागता येतो. पण त्या शांततेसाठी अर्ज कुठे करायचा? ती ज्यांनी ऐकली ते आता सत्तरी-ऐंशीत आहेत.

म्हणून मी हल्ली आजीला प्रश्न विचारतो आणि फोनवर रेकॉर्ड करतो. ते उभे कुठे राहायचे? हात कुठे असायचे? ती वैतागते, पण सांगते. परवा चहाचा कप खाली ठेवून उठली आणि म्हणाली, “असं.” गुडघे दुखत असतानाही पाठ ताठ करून ती काही क्षण तशीच उभी राहिली.

तुमच्याही घरात असं कुणी असेल. विचारा. आत्ताच विचारा.