नंबर कुणाचा?

लहानपणी आमचा फोन नंबर म्हणजे खालच्या मजल्यावरच्या काकूंचा नंबर. बाबांच्या कार्डावर त्यापुढे ‘पीपी’ छापलेलं असे. हाक आली की आई हात पुसत जिना उतरायची. आजीचं दुखणं, ताईचं स्थळ, सगळं काकूंच्या बैठकीतच बोलावं लागे. काकू भाजी निवडत ऐकायच्या आणि फोन ठेवल्यावर ‘मग, पत्रिका जुळली का?’ असं विचारायच्याही. खासगी फारसं काही उरत नसे. पण त्यांना काय कळलंय हे आम्हाला ठाऊक असे, आणि त्यांच्या घरातलं आम्हालाही.

हॉस्टेलवर एसटीडी बूथ भेटला. रात्री दर उतरले की रांग लागे. केबिनचं काचेचं दार लावलं, की मीटरचे पळते आकडे आणि आपण. बाहेरच्यांना हातवारे दिसत, शब्द ऐकू येत नसत. पुढे, वर्षानुवर्षं वाट पाहून घरी फोन आला आणि बाबांचं नाव पत्त्यासकट डिरेक्टरीत छापून आलं. त्यांनी ते पान येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवलं. साऱ्या गावाला आपला नंबर कळणं ही तेव्हा प्रतिष्ठा होती.

मोबाइलचा नंबर कुठल्याच डिरेक्टरीत नाही, तरी सगळ्यांकडे आहे. 2011 मध्ये देशभर पोर्टेबिलिटी आली आणि कंपनी बदलली तरी नंबर तोच राहू लागला. मग बँक, गॅस, आधार, औषधांचं दुकान, सोसायटीचं गेट, सारं त्या एका खुंटीला टांगलं गेलं. डिरेक्टरीतून फक्त घर कळायचं. या नंबरावरून मी कुठल्या गोळ्या घेते, माझ्याकडे कोण येतं, हेही जुळवता येतं. ‘कर्ज हवंय का?’ म्हणून फोन करणाऱ्या मुलीला माझं नाव माहीत असतं. ते तिला कुणी दिलं, हे तिलाही सांगता येत नाही. काकूंना निदान जाब विचारता येत होता.

24 ऑगस्ट 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी एकमताने खासगीपणाला मूलभूत हक्क ठरवलं. 2023 मध्ये वैयक्तिक डेटाच्या संरक्षणाचा कायदा झाला. त्याच वर्षी केंद्राच्या ग्राहक व्यवहार खात्याने दुकानदारांना बजावलं, की ग्राहकाच्या मोबाइल नंबरासाठी अडून बसू नका. तरीही काउंटरवर ‘मॅडम, नंबर?’ हे सामान मोजण्याआधीच येतं, आणि मागे माणसं खोळंबलीत म्हणून आपण दहाही आकडे खड्या आवाजात सांगून टाकतो. हक्क दिल्लीत मिळाला, बजावायचा मात्र इथे, बिलाच्या रांगेत. नंबर न देताही बिल मिळतं. पुढच्या वेळी ‘कशाला हवाय?’ एवढं तरी विचारा.