बघणाऱ्याची जागा

मे महिन्यात आजोळी मेंढीकोट रंगायचा, तेव्हा आम्हा पोरांना मामाच्या पाठीमागे बसायला मिळे. अट एकच: बघणाऱ्याने तोंड उघडायचं नाही. हुकमाचा एक्का दिसत असूनही चेहरा हलू द्यायचा नाही. बघणाऱ्याला बोलायची मुभा फक्त रेडिओवर, क्रिकेट समालोचक बाळ ज. पंडितांना. ते स्वतः रणजी खेळलेले होते, त्यामुळे चुकलेल्या फलंदाजाबद्दलही त्यांच्या बोलण्यात आपुलकी असे, असं मला नेहमी वाटायचं.

2003 साली मी नोकरीसाठी अमेरिकेत होतो. ट्रॅव्हल चॅनेलवर ‘वर्ल्ड पोकर टूर’ सुरू झाली आणि पहिल्यांदाच मला प्रत्येकाच्या हातातली झाकलेली पानं दिसू लागली. ही किमया हेन्री ओरेनस्टीन यांची. नाझी छळछावण्यांतून वाचलेला, खेळण्यांच्या धंद्यात नाव काढलेला हा माणूस. झाकलेली पानं टिपणाऱ्या कॅमेऱ्याचं पेटंट त्यांच्या नावावर होतं. त्याआधी टीव्हीवरचा पोकर म्हणजे नुसते गंभीर चेहरे आणि चिपांचे ढीग.

पण पानं दिसली म्हणून खेळ कळत नाही. तो कळला टूरचे समालोचक माइक सेक्स्टन यांच्यामुळे. 1985 साली लास व्हेगसला मुक्काम हलवलेला, 1989 मध्ये पोकरच्या वर्ल्ड सिरीजचं ब्रेसलेट जिंकलेला हा पक्का व्यावसायिक. मनातलं कुणाला कळू न देणं हीच ज्याची कमाई, त्याने आता तेच मन लाखो लोकांपुढे उलगडायचं होतं. ही उडी मला फार मोठी वाटते.

समजा, एकाकडे राजांची जोडी आहे आणि समोरच्याकडे एक्क्यांची. पडद्यावर आकडे झळकतात: शंभरात साधारण ऐंशी विरुद्ध वीस. राजावाला सगळ्या चिपा पुढे ढकलतो आणि घरी बसलेले आपण त्याला वेड्यात काढतो. सेक्स्टन मात्र त्याच्या खुर्चीत जाऊन बसत. त्याला काय दिसतंय, आधीच्या बोलीवरून त्याने काय ताडलं असेल, तिथे बसून हाच निर्णय कसा योग्य होता, हे ते उत्साहाने सांगत. सोबत अभिनेते आणि माजी टेनिसपटू विन्स व्हॅन पॅटन असत. दोघांची जोडी पंधरा पर्वं टिकली.

2006 साली ‘टूर्नामेंट ऑफ चॅम्पियन्स’मध्ये सेक्स्टन यांना दहा लाख डॉलर मिळाले, त्यातले निम्मे त्यांनी दान केले. 2016 मध्ये, एकोणसत्तराव्या वर्षी, माँट्रियलला त्यांनी वर्ल्ड पोकर टूरची स्पर्धा जिंकली. खेळाडू त्यांच्यात शेवटपर्यंत जागा होता, म्हणूनच त्यांचं बोलणं पोकळ वाटलं नाही. 2020 साली ते गेले. टूरच्या चॅम्पियन्स चषकाला आता त्यांचं नाव आहे.

पैसे लावून पोकर खेळा असं मी कुणालाच सांगणार नाही. पण समालोचन करू पाहणाऱ्या प्रत्येक तरुणाने, खेळ कोणताही असो, सेक्स्टन यांची सुरुवातीची पर्वं जरूर ऐकावीत.