मंत्र चुकतो तेव्हा

शब्दाच्या अंगी सामर्थ्य असते, ही समजूत आपल्या भूमीत फार जुनी आहे. वैदिक वाङ्मयात त्वष्ट्याची कथा येते. इंद्राने आपला पुत्र विश्वरूप मारला, म्हणून त्वष्ट्याने यज्ञात इंद्राचा वध करणारा पुत्र मागितला. 'इंद्रशत्रु' हा शब्द त्याने बरोबर योजला. पण शेवटच्या अक्षरावर द्यावयाचा स्वर त्याने पहिल्या पदावर दिला. 'इंद्राला मारणारा' याऐवजी 'इंद्र ज्याला मारील तो' असा अर्थ झाला आणि जन्मलेला वृत्र इंद्राच्याच हातून मेला. पतंजलीने महाभाष्यात शुद्ध उच्चाराचे महत्त्व पटविताना हेच उदाहरण घेतले.

सेमिनरीत असताना आम्हांला ही कथा व्याकरणातील एक गंमत वाटली होती. शिरूर-दौंडच्या गावांतून फिरू लागल्यावर तिच्यातील दुसरी गोष्ट ध्यानात आली. या कथेत दोष म्हणणाऱ्याचा आहे, मंत्राचा कधीच नाही. एकदा एवढे मान्य केले, की मंत्र कितीही वेळा फसला तरी त्याला आच लागत नाही.

घोड आणि भीमा या नद्यांच्या काठी आता उसाचे रान दाटले आहे. उसात उंदीर, आणि उंदरांमागे साप. शेतकरी रात्रीच्या विजेवर दारे धरायला अनवाणी जातो. दिवाळीनंतर ऊसतोडणीची कुटुंबे येतात, पाचटाच्या कोप्या उभारतात आणि भुईवर निजतात. मण्यार अशाच निजलेल्याला चावते. दंश दुखत नाही आणि खूणही धड दिसत नाही. घोणशीचे विष रक्त गोठू देत नाही. नाग व मण्यार यांचे विष नसा लुळ्या करते. पापण्या जड होतात, मग श्वास थांबतो.

अशाच एका तोडणीवाल्या बाईच्या मयताला आम्ही गेलो होतो. दंश होताच तिला मांत्रिकाकडे नेले होते. त्याने लिंबाचा डहाळा फिरवीत मंत्र म्हटला. त्यात दोन तास गेले. दवाखान्याच्या वाटेवरच तिने प्राण सोडला. मांत्रिकाचे म्हणणे लोकांनी आम्हांला सांगितले: "उशीर केलात, आणि घरात विटाळ होता." तिचा नवरा ते स्वतःशीच पुन्हा पुन्हा म्हणत होता. बायको गेल्याचे दुःख होतेच. वर दोषही त्याच्याच माथी आला होता.

मग मंत्राने माणसे वाचतात ती कशी? वाचकहो, आपल्याकडील बहुतेक साप बिनविषारी आहेत. विषारी साप चावला तरी प्रत्येक वेळी विष टोचले जातेच असे नाही. असा रोगी मंत्राविनाही उठून बसला असता. कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ पडते, आणि श्रेय कावळ्याला मिळते. जिथे गरज नाही तिथे मंत्र चालतो. जिथे खरी गरज, तिथे तो फक्त वेळ खातो.

विष उतरविणारे औषध आहे. घोड्याच्या रक्तापासून ते तयार होते आणि नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चारही सापांच्या विषावर चालते. तरीही २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली, असा संशोधकांचा अंदाज आहे. पुण्यात २० ऑगस्ट २०१३ रोजी डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला. ज्या कायद्यासाठी ते वर्षानुवर्षे झगडले, तो त्याच वर्षी झाला. साप, विंचू वा कुत्रा चावलेल्यास वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणे हा त्याखाली गुन्हा आहे.

पण कायदा झाला तरी मांत्रिकाचे दार गावातच असते आणि मध्यरात्रीही उघडते. तो रोग्याजवळ बसतो, नातलगांशी बोलतो. भेदरलेल्या माणसाला हा आधार मोठा वाटतो. त्यांना हसण्यात अर्थ नाही.

आपणही सावध असावे. प्रेषितांच्या कृत्यांत इफिस येथील स्किवाच्या सात पुत्रांची हकिकत आहे. प्रभूवर श्रद्धा नसताना त्यांनी येशूचे नाव भूत काढण्याच्या मंत्रासारखे वापरले, आणि भूतग्रस्ताने त्यांना घायाळ करून उघडेनागडे पळवून लावले. नावही मंत्र होऊ शकते, तीर्थही होऊ शकते. मंत्र हुकूम सोडतो. प्रार्थना मागते, आणि मागणाऱ्याचे हात कामाला मोकळे ठेवते.

म्हणून रात्री कुणी तीर्थासाठी आमचे दार ठोठावले, तर आम्ही आधी गाडीचे विचारतो. जखम कापू नये, चोखू नये, करकचून बांधू नये. हातपाय हलू न देता रोग्याला थेट मोठ्या दवाखान्यात न्यावे. प्रार्थना वाटेत, गाडीतच करावी. परमेश्वराला ती तिथूनही ऐकू येते.