काळी नखं

मार्चमध्ये मी चिकूचं नख जरा जास्तच कापलं. नखं पांढरी असती तर आतली गुलाबी नस दिसली असती, पण आमच्या डॅशहुंडची सगळी नखं काळीकुट्ट. तो किंचाळला, फरशीवर रक्ताचे थेंब पडले. आईनं धावत कॉर्नफ्लोअर आणलं आणि नखावर दाबून धरलं. रक्त थांबलं. पण त्यानंतर मी नुसता तो ड्रॉवर उघडला तरी चिकू पलंगाखाली.

नखं काय, वाढतच होती. चालताना फरशीवर टकटक वाजायला लागली की समजायचं, उशीर झालाय. त्यातही अंगठ्याचं नख बेरकी. जमिनीला टेकत नाही, त्यामुळे झिजत नाही, आणि वळून मांसात घुसू शकतं.

मग मी घाई सोडली. (शुक्रवारी डिप्लॉय न करणाऱ्या माणसाला हे आधी सुचायला हवं होतं.) आठवडाभर फक्त पंजा हातात धरायचा आणि पनीरचा तुकडा द्यायचा. पुढचा आठवडा कटर नुसतं नखाला टेकवायचं, परत पनीर. पहिलं नख कापलं ते पंधराव्या दिवशी, जेमतेम १ मिलिमीटर. कापलेल्या जागी मधोमध गडद ठिपका दिसला की थांबायचं, नस तिथेच जवळ असते.

आता रोज एकच नख. १८ नखं, १८ दिवस. काल अंगठ्याची पाळी होती. कटर दिसताच त्यानं पाय मागे ओढला. मी कटर खाली ठेवलं, गप्प बसलो. थोड्या वेळानं त्यानंच पंजा माझ्या गुडघ्यावर ठेवला. नजर अर्थात पनीरवर.