परसभर पाण्याची विद्या

समुद्र नसलेल्या अहिल्यानगर जिल्ह्यात पोहण्याची शाळा म्हणजे विहीर. किनाऱ्यावरचे मूल गुडघाभर पाण्यात खेळत खेळत लाटेपर्यंत पोहोचते. विहिरीत पायरी संपली की थेट दोन-तीन परस पाणी. हात उंचावून उभ्या राहिलेल्या माणसाएवढी खोली म्हणजे एक परस.

इथली विहीर काळी माती आणि मुरूम ओलांडून काळ्या पाषाणात उतरते. मुरमातून, खडकाच्या भेगांतून पाणी पाझरते. प्रवरा नदीवरचे भंडारदऱ्याचे धरण 1926 मध्ये पूर्ण झाले. त्याच्या पाण्यावर चालणाऱ्या प्रवरेच्या कालव्यांचा पाझर मिळणाऱ्या राहुरी-श्रीरामपूरकडच्या विहिरींना उन्हाळ्यातही पाणी टिकते. पाथर्डी-जामखेडकडे मात्र पावसानंतरचे थोडे महिनेच पोहण्याचे.

शिकणाऱ्याच्या पाठीला वाळलेला पोकळ भोपळा, पांगाऱ्याचा हलका ओंडका किंवा झाकण घट्ट बसवलेला रिकामा डबा बांधतात. कमरेला दोर, आणि दोराचे टोक काठावरच्या जाणत्याच्या हातात. पहिल्या दिवशी दोर ताठ असतो. हातपाय लयीत पडू लागले की जाणता तो बोटभर, मग हातभर सैल सोडतो. शिकणाऱ्याला ते कळत नाही, आणि कळू न देण्यातच शिकवणाऱ्याचे कसब आहे. पुढे भोपळा सुटतो, तेव्हा अंगाने पाण्याचा भार ओळखलेला असतो.

मग येतात उड्या. गुडघे पोटाशी घेऊन मारलेला मुटका पाणी काठापर्यंत उडवतो. नीट मारलेला सूर फारसे पाणी न उडवता आत जातो. जुन्या विहिरीवर मोटेचे पाणी जिथे ओतले जाई त्या थारोळ्याजवळून सूर मारत. बुडी मारणाऱ्याला वरचे कोमट पाणी मागे पडून एकाएकी गारठा लागतो, कान दाटतात. तळाला गेल्याचा पुरावा एकच, मुठीतला गाळ.

या विद्येचे नियमही कडक आहेत. पाणी किती आहे ते पाहिल्यावाचून उडी नाही, एकट्याने उतरणे नाही, मोटार चालू असताना पाण्यात जाणे नाही. बरेच दिवस न वापरलेल्या विहिरीत विषारी वायू साचलेला असू शकतो, म्हणून तिथे उतरायचेच नाही.

2016 पासून सरकारी योजनेतून गावोगाव शेततळी वाढली. प्लास्टिक अंथरलेल्या शेततळ्याच्या उतारावर पाय ठरत नाही. पट्टीच्या पोहणाऱ्यालाही बाहेर निघणे अवघड जाते. तिथे काठाला पक्का बांधून पाण्यात सोडलेला दोर असलाच पाहिजे. विहिरीने शिकवलेला पहिला धडा शेततळ्यालाही तसाच लागू आहे: आधी दोर, मग पाणी.