रेंगाळती काच

समोर इमारत उठू लागली की माणसाला प्रकाशाची किंमत कळते. आमच्या खिडकीतून पूर्वी एक गुलमोहर आणि चतकोर आकाश दिसायचं. आता निळं प्लॅस्टिक दिसतं. भर दुपारी ट्यूब लावून पेपर वाचताना परवा मला बॉब शॉ आठवला.

हा बेलफास्टचा लेखक. १९६६ साली ‘लाइट ऑफ अदर डेज’ नावाच्या विज्ञानकथेत त्यानं एक काच निर्माण केली. दिसायला साधी, पण प्रकाशाला तिच्यातून आरपार जायला दहा वर्षं लागतात! स्कॉटलंडमधला एक गृहस्थ अशा काचा डोंगरउतारावर, तळ्यासमोर उभ्या करून ठेवतो. दहा वर्षं त्या तळं पीत राहतात. मग शहरातल्या माणसानं ती काच विकत घेऊन घरी बसवायची, की पुढली दहा वर्षं शेजाऱ्याच्या भिंतीऐवजी खिडकीत तळं!

आमच्या भूमितीच्या सरांनी हे चालू दिलं नसतं. प्रकाश सरळ रेषेत जातो, हे त्यांनी आमच्या हातावर फूटपट्टीनं ठसवलं होतं. शॉसाहेबांचा प्रकाश मात्र काचेतल्या प्रत्येक अणूभोवती गोल गोल फिरत जातो. दहा वर्षांत मोकळ्यावर त्यानं ९५ लाख कोटी किलोमीटर मजल मारली असती. इथं बोटभर जाडी ओलांडताना तो घामाघूम. मला यात अशक्य काही वाटत नाही. माझी एक फाईल एकाच कचेरीत एकाच खोलीतल्या चार टेबलांवरून तीन वर्षं फिरत होती. आणि शास्त्रज्ञांनीही मनावर घेतलंच की! १९९९ साली लेने हाऊ या बाईंनी अतिथंड सोडियमच्या ढगातून प्रकाश सोडून त्याचा वेग सेकंदाला १७ मीटरवर आणला. म्हणजे ताशी एकसष्ट किलोमीटर. आपली एस.टी. त्याला मोकळ्या रस्त्यावर सहज मागे टाकील.

रात्री जेवताना मी ही काच घरात मांडली.

“म्हणजे पाऊस आला हे मला दहा वर्षांनी दिसणार?” ही म्हणाली. “आणि दोरीवरचं धुणं?”

चिरंजीव हुशार. म्हणाले, “बाबा, काच दहा वर्षांपेक्षा सहा तास जादा जाड निघाली तर रात्री बारा वाजता सूर्यास्त!”

मग मी गोष्टीचा शेवट सांगितला. सांगायला नको होता. त्या गृहस्थाच्या स्वतःच्या घराला तीच काच असते. खिडकीत त्याची बायको आणि छोटा मुलगा वावरताना दिसतात. गिऱ्हाइकाला नंतर कळतं, की दोघं अपघातात जाऊन सहा वर्षं झालीत. तो बाहेर कुंपणाच्या भिंतीवर बसून रोज नुसता बघत असतो.

ताटावर कुणीच बोलेना. आई भातावरचं वरण कालवत होती. ती म्हणाली, “आपल्या खिडकीला असती तर बाहेरून हे दिसले असते?”

बाबांना जाऊनही सहाच वर्षं झाली. त्यांची आरामखुर्ची त्याच खिडकीशी असायची.

“दिसले असते,” मी म्हटलं.

आईनं बोटं मोडली. “म्हणजे अजून चार वर्षं.”

“हो. पण आई, नुसतं दिसलं असतं. ऐकू काही आलं नसतं.”

“न येऊ दे. पेपर वाचताना ते कुठे बोलायचे?” असं म्हणून तिनं ताक मागितलं.

सकाळी उठलो तर आई स्टुलावर उभी. पंचाहत्तरीची बाई, एका हातानं गज धरून, ओल्या वर्तमानपत्रानं काच पुसत होती. ओरडणार होतो. मग मीही दुसरा कागद भिजवला आणि बाहेरची बाजू घेतली.