कप आणि बशी

आमच्या नागपूरकर घरात ‘कप’ म्हटला की जोडीला बशी आलीच. आशियाई क्लबांचा फुटबॉलचाही कप असतो, तोही 1967 पासून, हे मला आमच्या चिरंजीवांनी शिकवले. त्याचीच 2002 साली ‘चॅम्पियन्स लीग’ झाली. तिच्या गटसाखळीत भारतीय क्लबाला पहिला विजय मिळाला तो 11 एप्रिल 2022 रोजी. रियाधमध्ये मुंबई सिटीने इराकच्या हवाई दल क्लबाला 2-1 असे नमविले. विजयी गोल राहुल भेकेचा! नाव ऐकताच सौभाग्यवती चमकल्या, ‘अगंबाई, मराठी मुलगा?’ पुढे 2023 साली याच स्पर्धेत मुंबईकर सहाही सामने हरले. तरी चिरंजीवांचे चिखलाने माखलेले बूट आता अंगणात नव्हे, घरात वाळतात. दहावीच्या वर्षी खेळू द्यायचे की नाही, हे मात्र अजून ठरायचे आहे.